मुलांपेक्षा लहान आई

चित्रपटाच्या जाहिरातीत नायक-नायिकांची नावे ठळक असतात. त्याखाली बारीक टाइपात जी नावे येतात, त्यांना चरित्र कलाकार म्हणतात. आपल्या कोल्हापुरात घडलेल्या अशा एका अभिनेत्रीविषयी मला येथे लिहावयाचे आहे. त्या म्हणजे सुलोचना लाटकर.

सुलोचनाबाईंचा जन्म ३० जुलै १९२८ चा. निपाणीजवळचे खडकलाट हे त्यांचे गाव. ते आज कर्नाटकात आहे. शाळेचे शिक्षण बेताचेच. कोल्हापुरात भालजी पेंढारकरांच्या जयप्रभा स्टुडिओत त्या अभिनय शिकल्या. ‘सुलोचना’ हे नावही भालजींनीच दिलेले. ‘मीठ भाकर’ (१९४९), ‘वहिनींच्या बांगड्या’ (१९५३) अशा चित्रपटांतून मराठी प्रेक्षकांना त्या नायिका म्हणून ठाऊक झाल्या. पुढे मुंबईच्या हिंदी पडद्यावर मात्र त्या आई झाल्या.

या आईचे वय काय होते, हे पाहण्यासाठी मी जन्मवर्षे शेजारी शेजारी मांडली. ‘सुजाता’ (१९५९) मध्ये त्यांनी जिला वाढविले ती नूतन त्यांच्याहून आठ वर्षांनी लहान. त्याच वर्षीच्या ‘दिल देके देखो’मधला मुलगा शम्मी कपूर अवघ्या तीन वर्षांनी लहान. आणि ‘जॉनी मेरा नाम’ (१९७०) मधले दोन मुलगे? देव आनंदचा जन्म १९२३ चा, प्राणचा १९२० चा. म्हणजे आई दोन्ही मुलांहून लहान!

असे का व्हावे? पुरुष पन्नाशीला टेकला तरी तो नायकच राहतो. बाईने तिशी ओलांडली की नायिकेची दारे बंद होऊ लागतात. तिला अभिनय करावयाचा तर वहिनी नाहीतर आई व्हावे लागते. त्यात आईच्या कामाला चित्रीकरणाचे दिवस थोडे लागत, त्यामुळे एकाच वेळी अनेक चित्रपट हाती असत. सुलोचनाबाईंच्या हिंदी चित्रपटांची संख्या २५० च्या घरात गेली, ती अशी.

तरीही या भूमिकांना दुय्यम म्हणवत नाही. बिमल रॉय यांच्या ‘सुजाता’त ही आई अस्पृश्य मुलीला वाढविते, पण तिला ‘मुलगी’ न म्हणता ‘मुलीसारखी’ म्हणते. त्या एका ‘सारखी’मध्ये साऱ्या समाजाची जात दडली आहे. कथेतला प्रश्न नायक सोडवीत नाही. आईचे मन बदलते तेव्हाच तो सुटतो.

सुलोचनाबाईंना १९९९ मध्ये पद्मश्री आणि २००९ चा महाराष्ट्र भूषण पुरस्कार मिळाला. ४ जून २०२३ रोजी त्यांचे निधन झाले. त्यांना ‘पडद्यावरची आई’ म्हणून आपण गौरविले, ते योग्यच. पण एकतीस वर्षांच्या बाईला आई ठरविले निर्मात्यांनी, आणि तिकीट काढून त्याला संमती दिली ती आपण प्रेक्षकांनी, हेही त्या गौरवाबरोबर लक्षात ठेवावयास हवे.