वीस सेकंदांची आग

गेल्या सत्रात आमच्या हाउसमध्ये प्रश्नमंजूषा झाली. "भारताच्या एचएसटीडीव्ही या यानाचे इंजिन ७ सप्टेंबर २०२० रोजी हवेत किती वेळ चालले?" असा प्रश्न होता. मी उत्तर दिले, "२० सेकंदांहून थोडे जास्त." उत्तर बरोबर आले, गुण मिळाले. पण मागच्या रांगेतून एक ज्युनियर मोठ्याने म्हणाला, "बस? एवढंच?" आणि सगळा हॉल हसला. मीही हसलो. खरे सांगायचे तर २० सेकंदांत एवढे काय आहे हे मलाही सांगता आले नसते. आकडा पाठ होता, इतकेच.

दिवाळीच्या सुट्टीत भिलाईला घरी गेलो, तेव्हा हा प्रश्न डोक्यात होताच. माझे बाबा पोलाद कारखान्यात ब्लास्ट फर्नेसवर आहेत. भिलाईची पहिली ब्लास्ट फर्नेस ४ फेब्रुवारी १९५९ रोजी राष्ट्रपती डॉ. राजेंद्र प्रसाद यांच्या हस्ते सुरू झाली. तेव्हापासून आमच्या गावात आग विझू न देणे हाच धंदा आहे. म्हणून बाबांनाही २० सेकंद ऐकून हसूच येईल असे मला वाटले होते. त्यांनी उलट विचारले, "हवा किती वेगाने आत येते?" मित्रांनो, सगळी गोष्ट त्या एका प्रश्नात आहे.

आधी थोडे मागे जाऊ. रॉकेट आपले इंधन तर नेतेच, शिवाय ते जाळण्यासाठी लागणारा ऑक्सिजनही सोबत वाहून नेते. घन इंधनाच्या रॉकेटमध्ये तो अमोनियम परक्लोरेटच्या रूपात असतो आणि इंधनाच्या मिश्रणात सर्वांत जास्त वजन त्याचेच असते. (अशा घन इंधनांवर पुण्यात सुतारवाडीच्या एचईएमआरएल प्रयोगशाळेत काम चालते.) एक किलो रॉकेल पूर्ण जाळायला जवळजवळ साडेतीन किलो ऑक्सिजन लागतो. बाहेर फुकट हवा असताना हे ओझे पाठीवर का घ्यायचे? लांबच्या रूट मार्चला वाटेत जागोजागी विहिरी असताना कोणी पाण्याचा पिंप खांद्यावर घेत नाही, तसेच हे आहे.

हवेतला ऑक्सिजन वापरणारे विमानाचे जेट इंजिन आपल्याला माहीत आहे. त्यात पुढे फिरणारी पाती हवा दाबतात. पण ध्वनीच्या तिप्पट वेगाच्या आसपास पोचल्यावर आत घुसणारी हवा इतकी दाबलेली आणि तापलेली असते की पात्यांचे काम उरत नाही, उलट तीच धोक्यात येतात. मग पाती काढूनच टाका! हे झाले रॅमजेट. फ्रान्सच्या रने लोरँ यांनी ही कल्पना १९१३ मध्येच मांडली होती. आपले ब्रह्मोस याच तत्त्वावर चालते. त्याचा वेग मॅक २.८, म्हणजे ध्वनीच्या २.८ पट. रॅमजेटची खोड एकच, ते उभ्या जागेवरून सुरू होत नाही. म्हणून ब्रह्मोसला आधी घन इंधनाचा बूस्टर ढकलतो आणि मग रॅमजेट पेटते.

रॅमजेटमध्ये आत आलेली हवा ध्वनीपेक्षा कमी वेगावर आणतात आणि मग तिच्यात इंधन जाळतात. वेग वाढवत नेला की अडचण इथेच येते. पळती हवा थांबवली की तिच्या वेगाची उष्णता होते. किती, याचे एक सोपे सूत्र आहे. मॅक आकड्याचा वर्ग करा, त्याला ०.२ ने गुणा, त्यात १ मिळवा आणि बाहेरच्या हवेच्या केल्विनमधल्या तापमानाला त्या संख्येने गुणा.

ब्रह्मोससाठी करून पाहू. १५ किलोमीटर उंचीवर तापमान सुमारे २१७ केल्विन असते. उत्तर येते ५५७ केल्विन, म्हणजे २८५ अंश सेल्सियसच्या जवळ. गरम तव्याइतके. धातूला हे सहज झेपते. आता ३० किलोमीटर उंचीवर, २२७ केल्विनच्या हवेत, मॅक ६ घ्या. ३६ गुणिले ०.२ म्हणजे ७.२, अधिक १ म्हणजे ८.२. गुणाकार १८६१ केल्विन, म्हणजे जवळजवळ १५९० अंश सेल्सियस! इतक्या गरम हवेत हे सूत्र थोडे जास्त उत्तर देते, पण अंदाज चुकत नाही. शुद्ध लोखंड १५३८ अंशांना वितळते. म्हणजे इंधनाचा एक थेंबही न जाळता, नुसती हवा थांबवली तरी ती आमच्या भट्टीतून बाहेर येणाऱ्या लोखंडाच्या रसाइतकी गरम. त्यात वर इंधन जाळायला गेलात तर बरीच उष्णता हवेचे रेणू फोडण्यातच जाते, ढकलण्याचा जोर फारसा वाढत नाही.

यावरचा उपाय मला तरी धाडसाचा वाटतो. हवा पूर्ण थांबवायचीच नाही. तिला थोडीच मंद करायची आणि ध्वनीपेक्षा जास्त वेगानेच ज्वलनकक्षातून जाऊ द्यायची. हेच स्क्रॅमजेट. समजा कक्षात हवा मॅक २.५ ठेवली. तर तिचे तापमान त्याच सूत्राने साडेपाचशे अंशांच्या आसपास राहते, आणि वेग? सेकंदाला सुमारे १४०० मीटर.

आता बाबांच्या प्रश्नाचे उत्तर देता येते. कक्ष एक मीटर लांब धरला तर हवेचा प्रत्येक कण त्यात एका मिलिसेकंदापेक्षाही कमी वेळ असतो. तेवढ्यात इंधन आत सोडायचे, ते हवेत मिसळायचे, पेटायचे आणि जळून संपायचे. साडेपाचशे अंशांच्या हवेत रॉकेल काडी न लावताही पेटते, पण त्याला थोडा वेळ लागतो, आणि तेवढ्यात ते मागून बाहेर गेलेले असते. आजीने चूल पेटवताना फुंकणी हळू फुंकली तर लाकूड धुमसते, फार जोरात फुंकली तर ज्योत विझते. इथे तर फुंकणीतून वादळाच्या कितीतरी पट वारा येतो. म्हणून कक्षाच्या भिंतीत एक खोबण ठेवतात. तिच्यात हवा घुटमळते, आणि तिथली छोटी ज्योत पुढच्या इंधनाला सतत पेटवत राहते. वाऱ्यात काडी पेटवताना आपण दोन्ही हातांचा आडोसा करतो, ही खोबण म्हणजे तोच आडोसा.

भारतात हे पहिल्यांदा साधले ते इस्रोला, २८ ऑगस्ट २०१६ रोजी श्रीहरिकोट्याहून. रॉकेटच्या अंगावर दोन स्क्रॅमजेट इंजिने बसवली होती, इंधन हायड्रोजन. ती ५ सेकंद चालली. नंतर ७ सप्टेंबर २०२० रोजी डीआरडीओने ओडिशाच्या किनाऱ्यावरील डॉ. अब्दुल कलाम बेटावरून एचएसटीडीव्ही सोडले. घन इंधनाच्या रॉकेटने ते ३० किलोमीटर उंच नेले, उष्णतेपासून वाचवणारे आवरण गळून पडले, यान वेगळे झाले, हवेचे दार उघडले आणि इंजिन पेटून ध्वनीच्या सहापट वेगात २० सेकंदांहून जास्त जळत राहिले. एक मिलिसेकंद टिकणारा झोत एकामागून एक वीस हजारांहून अधिक वेळा न चुकता पेटला, असा हिशोब आता मी करतो.

इथे एक गैरसमज काढून टाकतो, कारण तो मलाही होता. मॅक ५ च्या वर गेले की हायपरसॉनिक म्हणतात. अग्नी क्षेपणास्त्रही त्याहून वेगाने परत येते. पण ते रॉकेटने वर फेकलेले असते आणि त्याची वाट बरीचशी आधी ओळखता येते. वातावरणातच राहून, इंजिन चालू ठेवून, वळणे घेत त्या वेगाने जाणे ही वेगळी गोष्ट आहे, आणि त्यासाठी २० सेकंद खरोखर पुरत नाहीत. सेकंदाला पावणेदोन-दोन किलोमीटर धरले तरी २० सेकंदांत चाळीसच किलोमीटर होतात. आमच्या भिलाईहून रायपूर साधारण ३० किलोमीटर आहे. तेव्हा तो ज्युनियर अगदीच चूक नव्हता.

जास्त वेळ का चालवत नाहीत? कारण भिंत. मधली हवा पळत असली तरी भिंतीला चिकटलेला पातळ थर थांबतोच, आणि थांबला की वरच्या सूत्राप्रमाणे तापतो. शेजारी ज्वाला आहेच. काही सेकंद धातू स्वतःच उष्णता पिऊन घेतो, मग हार मानतो. बाबा म्हणाले, "आमच्या फर्नेसचं पोलादी कवच का वितळत नाही? आतल्या बाजूने पाणी खेळवलेलं असतं. पाणी थांबलं तर संपलं." स्क्रॅमजेटमध्ये पाणी नेणार कुठे? म्हणून इंधनच भिंतीतल्या बारीक वाहिन्यांतून फिरवतात आणि नंतर जाळतात. हे इंधन तापले की त्याचे मोठे रेणू तुटतात आणि तुटताना आणखी उष्णता शोषतात. तुटलेले लहान रेणू पेटतातही लवकर. हैदराबादच्या डीआरडीएल प्रयोगशाळेने असे इंधन उद्योगांच्या मदतीने देशात तयार केले. भिंतीवर सिरॅमिकचा लेपही आहे. त्याच्याविषयीच्या सरकारी निवेदनात तो पोलादाच्या वितळणबिंदूपलीकडेही टिकतो असे लिहिले होते. ते वाक्य मी बाबांना दोनदा वाचून दाखवले.

असे थंड ठेवलेले ज्वलनकक्ष जानेवारी २०२५ मध्ये जमिनीवरच्या चाचणीत १२० सेकंद आणि त्याच वर्षी २५ एप्रिलला लहान आकारात १००० सेकंदांहून अधिक चालले. आमच्या नोटीस बोर्डावर तेव्हा "आपण जगात पुढे" असे लागले होते. जमिनीवरची चाचणी आणि उड्डाण एक नव्हे, हे तिथे लिहायला हवे होते. उड्डाणात अमेरिकेचे एक्स-५१ए १ मे २०१३ रोजी मॅक ५.१ ला तीन मिनिटांहून अधिक चालले होते.

निघायच्या आदल्या रात्री बाबांनी शेवटचा प्रश्न विचारला. "आम्हाला उष्णता वाढली की पाणी वाढवता येतं. तुमच्या इंजिनात थंड करायला लागणारं इंधन जाळायला लागणाऱ्या इंधनापेक्षा जास्त झालं तर?" हे मी सुट्टीनंतर शाळेच्या लायब्ररीत शोधले. तसे खरेच होते. वेग मॅक ८ च्या आसपास गेला की रॉकेलसारखी इंधने थंड करायला कमी पडू लागतात. तिथून पुढे हायड्रोजन लागतो, जो खूप जास्त उष्णता शोषतो. १६ नोव्हेंबर २००४ रोजी मॅक ९.६ गाठणारे नासाचे एक्स-४३ए हायड्रोजनवरच चालले होते. त्याचे इंजिन १० सेकंदांच्या आसपास जळले. रविवारी फोनवर हे सांगितले तेव्हा बाबा म्हणाले, "दहा? मग वीस बरे आहेत की."