युरोपची घडण : लेखांक नववा
साडोव्याची लढाई आणि जर्मन राज्यसंघाचा अंत

मागील लेखांकात श्लेस्विग आणि होल्स्टाइन या दोन परगण्यांची हकीकत आपण गास्टाइनच्या करारापर्यंत आणून सोडली होती. डेन्मार्कपासून 1864 साली दोघांनी मिळून हिसकावून घेतलेला हा मुलूख पुढील वर्षी प्रशिया आणि ऑस्ट्रिया यांनी असा वाटून घेतला, की प्रशियाच्या फौजेला आपल्या श्लेस्विगमध्ये जावयाचे तर ऑस्ट्रियाच्या होल्स्टाइनमधून जावे लागावे. आणि ज्या करारात कलहाचे बीज इतक्या उघडपणे पेरलेले होते, तो टिकावा म्हणून केला असेल असे प्रशियाचा मुख्य मंत्री बिस्मार्क याचे चरित्र जाणणारा कोणीही म्हणणार नाही. परगणे हे निमित्त होते. जर्मन भाषा बोलणाऱ्या मुलखांचे वडीलपण व्हिएन्नाकडे राहावे की बर्लिनकडे जावे, हा जो प्रश्न शंभर वर्षे भिजत पडला होता, त्याचा निकाल 1866 च्या उन्हाळ्यात लागला, आणि तो सात आठवड्यांत लागला.

नेपोलियनच्या पाडावानंतर 1815 साली व्हिएन्नाच्या मुत्सद्द्यांनी जो जर्मन राज्यसंघ निर्माण केला, त्याचे स्वरूप येथे पुन्हा ध्यानात घेतले पाहिजे. लहानमोठी सुमारे एकोणचाळीस संस्थाने आणि स्वतंत्र नगरे त्यात सामील होती. त्यांचे वकील फ्रँकफुर्ट येथे एकत्र बसत, आणि त्या सभेचे अध्यक्षपद ऑस्ट्रियाकडे असे. हा संघ दुबळा, संथ आणि कागदी घोडे नाचविणारा होता, अशी त्याची निंदा पुढील काळातील प्रशियाच्या इतिहासकारांनी एका सुरात केलेली आहे, आणि ती बरीचशी खरीही आहे. परंतु या दुबळ्या संघाने पन्नास वर्षे मध्य युरोपात बहुतांशी शांतता राखली, आणि हॅनोव्हर किंवा नासाऊ यांसारख्या लहान राज्यांना मोठ्यांच्या शेजारी सुखाने नांदू दिले, ही गोष्ट त्या निंदेच्या गदारोळात बुडून गेली. माझ्या मते ती बुडू देता कामा नये.

युद्धाच्या तयारीत बिस्मार्कने आधी इटलीशी 1866 च्या 8 एप्रिल रोजी तह केला. त्याची मुदत अवघी तीन महिन्यांची होती, म्हणजे युद्ध करावयाचे ते तेवढ्यात करावयाचे हे तेव्हाच ठरून गेले. फ्रान्सचा बादशहा तिसरा नेपोलियन याला त्याने मोघम आशेवर तटस्थ ठेवले. दोन्ही पक्ष दीर्घकाळ लढून थकतील आणि मग मध्यस्थी करून आपला लाभ साधता येईल, असा त्या बादशहाचा हिशेब होता. 14 जून रोजी फ्रँकफुर्टच्या सभेने ऑस्ट्रियाच्या सूचनेवरून प्रशियाविरुद्ध फौजा सज्ज करण्याचा ठराव संमत करताच, राज्यसंघ मोडला असे प्रशियाच्या वकिलाने तेथल्या तेथे जाहीर केले. मध्यम आकाराची बहुतेक जर्मन राज्ये ऑस्ट्रियाच्या बाजूस उभी राहिली.

आता मोहिमेकडे वळू. प्रशियाचा सेनाप्रमुख हेल्मुट फॉन मोल्ट्के हा त्या वेळी पासष्ट वर्षांचा, मितभाषी, अभ्यासू गृहस्थ होता, आणि त्याचे नाव स्वतःच्या सैन्यातही इतके अपरिचित होते, की त्याचा हुकूम हाती पडल्यावर एका सेनापतीने ‘हुकूम ठीक आहे, पण हे जनरल मोल्ट्के कोण?’ असे विचारल्याची कथा सांगतात. या मनुष्याने नकाशापेक्षा लोहमार्गाच्या वेळापत्रकाचा अधिक अभ्यास केला होता. प्रशियाकडे सरहद्दीपर्यंत फौज नेण्यास पाच लोहमार्ग होते आणि ऑस्ट्रियाकडे व्हिएन्नाहून उत्तरेस जाणारा एकच. तेव्हा ज्याने उशिरा तयारी आरंभिली तो प्रशियाच आधी सज्ज झाला. मात्र पाच मार्गांनी नेलेली फौज अडीचशे मैलांहून लांब अशा कमानीवर विखुरली गेली, आणि शत्रूच्या तोंडावर ती एकत्र कशी आणावयाची हा भयंकर प्रश्न उभा राहिला. मोल्ट्केचे उत्तर असे होते, की ती आधी एकत्र आणावयाचीच नाही. तीन सैन्यांनी तीन वाटांनी बोहेमियात उतरावे आणि लढाईच्या मैदानावरच एकमेकांस भेटावे. जुन्या युद्धशास्त्राच्या दृष्टीने हे निव्वळ साहस होते, कारण मध्ये असलेला शत्रू त्यांना एकेकटे गाठून झोडपू शकला असता.

तो शत्रू म्हणजे लुडविग फॉन बेनेडेक. हा शूर सरदार इटलीच्या रणभूमीवर वाढलेला होता; तेथील वाटा, नद्या, टेकड्या त्याला तोंडपाठ होत्या, आणि बोहेमियाचा मुलूख आपणास ठाऊक नाही, ही जोखीम आपणावर टाकू नये, अशी विनवणी त्याने केली होती. दरबाराने ऐकले नाही. इटलीतील ऑस्ट्रियन फौज आर्चड्यूक आल्ब्रेख्ट याजकडे गेली, त्याने 24 जून रोजी कुस्टोझा येथे जय मिळविला. आणि उत्तरेचे संकट बेनेडेकच्या माथी आले. जूनच्या अखेरच्या चार दिवसांत नाखोड, स्कालित्स आणि गिचिन येथे त्याच्या पलटणींचा मोड झाला. ट्राउटेनाउ येथे ऑस्ट्रियाचा जय झाला खरा, परंतु त्या जयातही ऑस्ट्रियाची हानी प्रशियाच्या कित्येक पट झाली, आणि त्याचे कारण बंदुकीत होते. ऑस्ट्रियाचा शिपाई ठासणीची बंदूक वापरी. ती भरण्यास त्याला उभे राहावे लागे आणि मिनिटास एकदोन बार निघत. प्रशियाची बंदूक मागून भरावयाची होती. शिपाई जमिनीवर पालथा पडून तेवढ्याच वेळात चारपाच बार काढी. त्यातच संगीन रोखून एकगठ्ठा धावून जाण्याची शिस्त ऑस्ट्रियाने आपल्या पलटणींना लावली होती, म्हणजे शौर्य जितके अधिक तितकी हानी अधिक. बेनेडेकने सम्राटाला तार केली, की कोणत्याही अटीवर तह करावा, सैन्याचा नाश अटळ आहे. तह अशक्य आहे, असे उत्तर आले, आणि शेवटी एक प्रश्न जोडलेला होता : लढाई झाली आहे काय? या प्रश्नाचा अर्थ कोणताही मानी सेनापती जो घेईल तोच बेनेडेकने घेतला.

3 जुलैची सकाळ पावसाची आणि धुक्याची होती. केनिगग्रेट्झच्या किल्ल्याच्या वायव्येस, बिस्ट्रित्स नावाच्या लहानशा नदीपलीकडील टेकड्यांवर ऑस्ट्रिया आणि सॅक्सनी यांची दोन लाखांहून अधिक फौज उभी होती. तिची पिछाडी एल्बे नदीकडे होती. प्रशियाची दोन सैन्ये साडोवा गावाजवळ भिडली, परंतु तिसरे, युवराज फ्रीडरिखचे, वीस मैलांवर होते, आणि त्याला बोलावण्याचा हुकूम घेऊन फिंकेनस्टाइन नावाचा अधिकारी रात्रभर पावसात घोडा पिटाळीत पहाटे चारच्या सुमारास युवराजाच्या तळावर पोचला होता. दुपारपर्यंत ऑस्ट्रियाचा तोफखाना प्रशियाला जागचा हलू देईना.

या वेळी एक गोष्ट घडली, आणि लढाईचा निकाल तिच्यात आहे. ऑस्ट्रियाच्या उजव्या बगलेसमोर स्वीपवाल्ड नावाचे एक दाट रान होते. त्यात फ्रान्सेकी याच्या प्रशियन डिव्हिजनने पाय रोवले. एक डिव्हिजन रानात अडकलेली पाहून ऑस्ट्रियाच्या त्या बगलेच्या सेनापतींना तिचा फडशा पाडण्याचा मोह झाला. बेनेडेकने नेमून दिलेली, ख्लुमच्या टेकडीपासून एल्बेपर्यंतची उत्तराभिमुख फळी सोडून ते पुढे सरकले, आणि पलटणीमागून पलटण त्या झाडीत शिरून कापली जाऊ लागली. माघारी फिरण्याचा हुकूम आला तेव्हा वेळ निघून गेली होती. युवराजाचे सैन्य उत्तरेकडून आले ते नेमके त्या मोकळ्या पडलेल्या जागेतून, आणि धुके व उंच पिके यांच्या आडोशाने त्याच्या गार्ड पलटणी तिसऱ्या प्रहरी ख्लुमवर, म्हणजे बेनेडेकच्या ऐन पाठीमागे, जाऊन उभ्या राहिल्या. बेनेडेकला ही वार्ता प्रथम खोटी वाटली. तो स्वतः घोड्यावरून पाहावयास गेला आणि त्याच्यावर त्याच गावातून गोळ्यांचा वर्षाव झाला. संध्याकाळी ऑस्ट्रियाचा तोफखाना आणि घोडदळ यांनी आपला बळी देऊन उरलेल्या फौजेला एल्बेपार होण्यास अवसर मिळवून दिला. ऑस्ट्रियाच्या पक्षाची हानी, कैद्यांसह, सुमारे 44000 होती. प्रशियाची सुमारे 9000.

लढाया युरोपात पुष्कळ झाल्या, आणि त्यांतील बहुतेकांनी नकाशावरील रेघ चार बोटे इकडेतिकडे सरकविण्यापलीकडे काही केले नाही. साडोव्याने खंडाची व्यवस्था पालटली, त्याचे अर्धे श्रेय लढाईनंतरच्या तीन आठवड्यांकडे जाते. प्रशियाचा राजा विल्हेल्म आणि त्याचे सरदार विजयाने धुंद झाले होते. व्हिएन्नात वाजतगाजत शिरावे, ऑस्ट्रियाचा काही मुलूख तोडून घ्यावा, असे त्यांचे मत होते. बिस्मार्क एकटा आडवा पडला. फ्रान्सची मध्यस्थी दारात येऊन ठेपली आहे, छावणीत पटकीने माणसे मरत आहेत, आणि आज ज्याचा मानभंग करू तो उद्या आपल्या प्रत्येक शत्रूचा मित्र होईल, ही त्याची मसलत होती. निकोल्सबुर्गच्या किल्ल्यात (आणि हा किल्ला ऑस्ट्रियाच्या परराष्ट्रमंत्र्याच्या पत्नीच्या घराण्याचा होता) राजाने त्याचे म्हणणे धुडकावले, तेव्हा आपल्या खोलीत जाऊन आपण रडलो आणि खिडकीतून उडी टाकावी असे मनात आले, असे त्याने स्वतः लिहून ठेवले आहे. अखेर युवराजाने बापाची समजूत घातली. मंत्र्याने शत्रूसमोर ऐन वेळी साथ सोडल्यामुळे हा तह पत्करावा लागत आहे, अशा अर्थाचा शेरा राजाने कागदावर ओढला, आणि 26 जुलै रोजी प्राथमिक तहावर सह्या झाल्या. 23 ऑगस्टच्या प्रागच्या तहाने तो कायम झाला. ऑस्ट्रियाचा व्हेनिस प्रांत तेवढा इटलीकडे गेला, प्रशियाने ऑस्ट्रियाच्या स्वतःच्या मुलखातील तसूभर जमीन घेतली नाही, आणि युद्धखर्च वजावटीनंतर 2 कोटी थेलर इतकाच ठरला. मात्र जर्मनीच्या कारभारात ऑस्ट्रियाने यापुढे कसलाही संबंध ठेवू नये, हे कलम त्यात होते. आणि हजार वर्षांचा तो संबंध एका कलमाने तुटला.

या संयमाची स्तुती सर्वांनी केली आहे, आणि ती योग्यच आहे. परंतु हा संयम सम्राटाच्या वाट्यास आला, लहानांच्या वाट्यास आला नाही. हॅनोव्हरचा अंध राजा पाचवा जॉर्ज याच्या फौजेने 27 जून रोजी लांगेनझाल्त्सा येथे प्रशियाचा पराभव केला होता. दोनच दिवसांत तिला वेढा पडून शरण जावे लागले, आणि युरोपातील अतिप्राचीन राजघराण्यांपैकी एकाचे राज्य कलमाच्या एका फटकाऱ्याने खालसा झाले. त्याच वाटेने हेसेन-कासेल गेले, नासाऊ गेले, आणि फ्रँकफुर्टचे स्वतंत्र नगरही गेले. या फ्रँकफुर्टची कथा सांगितल्यावाचून मला पुढे जाववत नाही. त्या नगराने लढाई दिलेली नव्हती. तरीही प्रशियाच्या सेनापतींनी तेथे आधी साठ लाख गुल्डेनची खंडणी उकळली आणि पाठोपाठ अडीच कोटींची मागणी केली. नगराध्यक्ष फेल्नर याने आपल्या नागरिकांवर हा भार घालण्यापेक्षा गळफास घेऊन प्राण दिला. शाळेच्या पुस्तकांत जर्मन ऐक्याचे प्रकरण ज्या तेजस्वी रंगात रंगवितात, त्यात या माणसाला जागा नसते. ती असावयास हवी.

आणि आणखी एक पराभव बर्लिनमध्येच झाला. सैन्यवाढीचे अंदाजपत्रक प्रतिनिधिसभेने 1862 पासून नामंजूर केले असता बिस्मार्क चार वर्षे सभेच्या संमतीवाचून कर वसूल करीत होता, खर्च करीत होता, आणि उदारमतवादी पक्षाने त्याच्याविरुद्ध मोठ्या धैर्याने झगडा चालविला होता. योगायोग असा, की प्रशियातील नव्या निवडणुकीचा दिवस 3 जुलै हाच होता. युद्धज्वराच्या त्या लाटेत उदारमतवाद्यांच्या बऱ्याच जागा गेल्या. सप्टेंबरात बिस्मार्कने सभेपुढे येऊन मागील बेकायदा खर्चास क्षमा मागितली. विजेत्याने नमून मागितलेली ती क्षमा 230 विरुद्ध 75 मतांनी देण्यात आली. कायद्याचा आग्रह धरणारे जे पंचाहत्तर उरले त्यांना पुढे हटवादी म्हणण्यात आले. परंतु ज्या राज्यात मंत्री आधी करतो आणि यश आल्यावर संमती घेतो, त्या राज्यातील लोकसभेचे मोल त्याच दिवशी ठरून जाते, आणि पुढील पन्नास वर्षांच्या जर्मन राजकारणाकडे पाहता या दिवसाचे महत्त्व मी लढाईच्या दिवसाहून कमी लेखीत नाही.

बाकीचे परिणाम झपाट्याने घडत गेले. माइन नदीच्या उत्तरेकडील बावीस राज्यांचा उत्तर जर्मन संघ 1867 मध्ये अमलात आला, त्याचा अध्यक्ष प्रशियाचा राजा आणि चान्सेलर बिस्मार्क. जर्मनीतून बाहेर पडलेल्या ऑस्ट्रियाचा सम्राट फ्रान्झ योझेफ याला आपल्या घरात हंगेरीचे मन राखणे भाग झाले, आणि ऑस्ट्रियाच्या पराभवानंतरही आपली मागणी वाढविणार नाही असे म्हणणाऱ्या हंगेरियन पुढारी फेरेन्त्स देआकच्या थोर समंजसपणामुळे ऑस्ट्रिया-हंगेरी हे जोडराज्य निर्माण झाले. त्यातील स्लाव प्रजेला मात्र कोणी विचारले नाही. दीर्घ युद्धाची वाट पाहत बसलेल्या फ्रान्सला, साडोव्यात हरलो ते आपणच, असे वाटू लागले. बेनेडेकवरील चौकशी सम्राटाने थांबविली, परंतु मौनाचे वचन त्याच्याकडून घेऊन सरकारी पत्रात त्याची मानहानी छापली. त्याने 1881 मध्ये मरेपर्यंत ते वचन पाळले.

दक्षिणेकडील बव्हेरिया, व्युर्टेम्बर्ग आणि बाडेन ही राज्ये प्रागच्या तहाने स्वतंत्र राहिली होती. तथापि युद्धप्रसंगी आपल्या फौजा प्रशियाच्या राजाच्या हाताखाली देण्याचे गुप्त करार त्यांनी 1866 च्या ऑगस्टमध्येच करून ठेवले होते. 1870 च्या जुलैत फ्रान्सने युद्ध पुकारले तेव्हा हे करार अमलात आले, आणि ऑस्ट्रिया तटस्थ राहिली. त्या युद्धाची हकीकत पुढील लेखांकात पाहू.