डब्याविना फायरवॉल

सोलापूरच्या अक्कलकोट रोड एमआयडीसीत टॉवेल निर्यात करणाऱ्या एका कारखान्याचं हे ऑफिस. हिशेब आणि ऑर्डरी सांभाळणारी व्हर्च्युअल मशीन एकाच सर्व्हरवर, प्रॉक्समॉक्स या हायपरवायझरवर चालतात. फायरवॉलही तिथंच बसवायची होती. हिशेबनीसांनी विचारलं, "सर, डबा कुठं ठेवायचा?" डबा नव्हताच, होती एक फाइल. ओपीएनसेन्सची 'नॅनो' इमेज.

ओपीएनसेन्स ही 2015 साली पीएफसेन्स या फायरवॉल प्रणालीपासून वेगळी झालेली मुक्त प्रणाली. नॅनो इमेज म्हणजे प्रणाली आधीच बसवलेली तयार डिस्क. आधी तिचा चेकसम जुळवला, मगच ती उलगडून इम्पोर्ट केली. इम्पोर्ट झालेली डिस्क मशीनला आपोआप जोडली जात नाही; 'अनयूज्ड' म्हणून नुसती यादीत दिसते. ती जोडून बूटच्या क्रमात पहिली आणावी लागते. नॅनोचा कन्सोल सिरियल पोर्टवर बोलतो, म्हणून मशीनला तो पोर्टही द्यायचा. मग अक्षरं सरकू लागतात आणि कोणतं नेटवर्क कार्ड वॅनचं, कोणतं लॅनचं, ते ठरवायची वेळ येते. व्हीटीनेट0, व्हीटीनेट1 या नावांवरून काही कळत नाही. दोन्ही मॅक पत्ते प्रॉक्समॉक्सच्या पडद्याशी एकेक अक्षर ताडून पाहायचे.

इथवर काम भराभर होतं. जपायचं ते पुढं. इंटरनेटची वायर ज्या ब्रिजवर, म्हणजे प्रॉक्समॉक्समधल्या आभासी स्विचवर, येते, तिथं प्रॉक्समॉक्सला स्वतःचा आयपी पत्ता द्यायचा नाही. दिला, तर फायरवॉल आत राखण करत बसते आणि सर्व्हर बाहेर उघडा पडतो.

दुसरी गोष्ट नोंदींची. नॅनो मुळात छोट्या मेमरी कार्डांसाठी असल्यामुळे लॉग फक्त रॅममध्ये ठेवते. वीज गेली की नोंदी गेल्या. केंद्र सरकारच्या सायबर सुरक्षा यंत्रणेच्या, म्हणजे सर्ट-इनच्या, 28 एप्रिल 2022 च्या निर्देशांनुसार कंपन्यांनी लॉग 180 दिवस जपायचे असतात. म्हणून पहिल्याच दिवशी ते वेगळ्या मशीनच्या डिस्कवर पाठवायला लावले. वीज परतल्यावर सगळ्यांत आधी फायरवॉल सुरू व्हावी, असा क्रमही लावला.

शेवटची परीक्षा सोपी आहे आणि ती कधीच टाळू नये. फायरवॉलचं मशीन मुद्दाम बंद करायचं. ऑफिसातलं इंटरनेट त्याच क्षणी थांबलं पाहिजे. एका जरी संगणकावर ते चालू राहिलं, तर कुठंतरी दुसरी वाट आहे. ती सापडेपर्यंत काम संपलं असं म्हणू नये.