झिग्मुंट सामोश्युक यांचे छायालेखन आणि बालचित्रपट

पोलिश चित्रपटाच्या अभ्यासात झिग्मुंट सामोश्युक (१९३९–१९८३) या छायालेखकाचे नाव बहुधा आंजेई वाइदा यांच्या नावास जोडून येते. त्यांनी चित्रित केलेला बालचित्रपट मात्र स्वतंत्र, आणि पुष्कळदा गौण, सदरात टाकला जातो. ही विभागणी कितपत ग्राह्य आहे, याचा येथे थोडक्यात विचार करावयाचा आहे.

वाइदा यांच्या ‘ब्झेझिना’ (१९७०) या चित्रपटात क्षयाने ग्रासलेला तरुण भूर्जवृक्षांच्या बनात राहणाऱ्या आपल्या विधुर भावाकडे येतो. त्याच्या रंगयोजनेमागे यात्सेक माल्चेव्स्की या चित्रकाराची प्रेरणा होती. वनातील हिरवा रंग येथे केवळ शोभेसाठी येत नाही; जीवनाची ओढ आणि मृत्यूची चाहूल या दोहोंचा तो वाहक होतो. येझी कावालेरोविच यांच्या ‘आउस्टेरिया’ (१९८२) या चित्रपटाचे छायालेखनही सामोश्युक यांचेच. १९१४ साली महायुद्ध पेटताच एका ज्यू वृद्धाच्या सराईत आश्रयार्थी जमतात, हा त्याचा विषय.

यानंतर क्शिश्तोफ ग्रादोव्स्की दिग्दर्शित ‘आकादेमिया पाना क्लेक्सा’ या चित्रपटाकडे वळावे. यान ब्झेख्वा यांच्या १९४६ सालच्या बालकथेवर आधारलेली ही पोलंड व सोव्हिएत संघ यांची संयुक्त निर्मिती दोन भागांत आहे. क्लेक्स महाशयांच्या अद्भुत विद्यालयात हर्ष व कुतूहल यांचे राज्य आहे. परंतु पक्षी झालेल्या राजपुत्राची पूर्वकथा सुरू होताच लांडग्यांचे सैन्य रॉक संगीताच्या तालावर कूच करू लागते. पोलंडमध्ये डिसेंबर १९८१ पासून जुलै १९८३ पर्यंत लष्करी कायदा जारी होता, हे ध्यानी घेता प्रौढ प्रेक्षकास या दृश्यात निराळाही अर्थ दिसणे अस्वाभाविक नव्हे.

बालकांसाठी म्हणून सर्वत्र सारखाच उजेड पसरावा, हा सोपा मार्ग येथे पत्करलेला नाही. भय खरे वाटल्यावाचून धैर्यास मोल येत नाही, हे तत्त्व बालकथेसही लागू आहे; ते दृश्यरूपात सांभाळणे हे छायालेखकाचे दायित्व होय. प्रौढांच्या चित्रपटांत मृत्यूच्या सान्निध्यात जीवन दाखविणारी दृष्टी येथे बालकांपुढेही उणी पडत नाही.

हा चित्रपट १९८४ साली प्रदर्शित झाला. तत्पूर्वीच, १९८३ साली, सामोश्युक निवर्तले होते. तो पाहणाऱ्या मुलांना छायालेखकाचे नाव ठाऊक असण्याचे कारण नव्हते. अभ्यासकांस मात्र ही सबब चालणार नाही.