तडजोडीत नसलेला पक्ष

येरळा खटाव तालुक्यात उगम पावते आणि सांगली जिल्ह्यात ब्रह्मनाळजवळ कृष्णेला मिळते. माणगंगा माण तालुक्यातून आटपाडीकडे वळते. पावसाळा सरला की या नद्यांची पात्रे कोरडी दिसू लागतात. परंतु दिसण्यावर जाऊ नये. पाणी वाळूच्या पोटात असते आणि काठच्या विहिरी त्यावरच तग धरतात. म्हणूनच वाळूचोरीचा गुन्हा कसा मिटविला जातो, हा केवळ महसुली कारकुनीचा प्रश्न उरत नाही.

विनापरवाना वाळू नेणारे वाहन पकडले की पंचनामा होतो. महाराष्ट्र जमीन महसूल संहितेच्या (१९६६) कलम ४८ प्रमाणे वाळूच्या बाजारभावाच्या कमाल पाचपट दंड आकारता येतो. जप्त वाहन ४८ तासांत जिल्हाधिकाऱ्यांपुढे ठेवावयाचे. मालकाने वाहनाचा निराळा दंड भरून, यापुढे ते अशा कामी वापरणार नाही असा जातमुचलका दिला, की ते सोडता येते. २०१८ च्या नियमांनी हा दंड ट्रॅक्टरला १ लाख, तर उत्खनन यंत्राला साडेसात लाख रुपये ठरविला. शिवाय केंद्राच्या १९५७ च्या खाण कायद्यातील कलम २३-अ अन्वये, खटला भरण्यापूर्वी वा नंतरही, प्राधिकृत अधिकारी रक्कम घेऊन गुन्हा आपसांत मिटवू शकतो.

या सवलतीवर सरसकट तुटून पडणे न्याय्य होणार नाही. कर्जाचा ट्रॅक्टर तहसील कचेरीच्या आवारात गंजत ठेवून कोणाचेच भले होत नाही. जप्त वाहने वर्षानुवर्षे सडू देऊ नयेत, असे सर्वोच्च न्यायालयाने सुंदरभाई अंबालाल देसाई प्रकरणात २००२ मध्येच बजावले. आणि जाळ्यात सापडतो तो बहुधा रोजंदारीचा चालक. माल उचलणारा धनी नामानिराळाच. मात्र तडजोड झाली म्हणजे सारे धुऊन निघाले, असेही नाही. डिसेंबर २०२० मध्ये मध्य प्रदेशातील एका प्रकरणात त्याच न्यायालयाने स्पष्ट केले, की खाण कायद्याखालील गुन्हा मिटला तरी दंडसंहितेखालील चोरीचा गुन्हा वेगळा उभा राहतो.

तरीही मूळ उणीव कायम राहते. या व्यवहारात एका बाजूला शासन, दुसऱ्या बाजूला वाहनमालक. ज्याची विहीर आटली त्या शेतकऱ्याला तेथे पाटसुद्धा मांडलेला नसतो. दंड मोजला जातो ब्रासवर. एक ब्रास म्हणजे शंभर घनफूट, सुमारे २८०० लिटर आकारमान. वाळूच्या कणांमधील पोकळी साधारण एकतृतीयांश धरली, तर एका ब्रासमध्ये नऊशे लिटरच्या आसपास पाणी मावते, आणि तेही एकदाच नव्हे, दर पावसाळ्यात. वाळू गेली की ही जागाच गेली. पंचनाम्यात मात्र वाळूचा भाव लिहिला जातो, पाण्याचा रकाना नाही.

वाळू ही गावाची ठेव आहे, हे या भागाला कोणी नव्याने शिकवायला नको. खानापूर तालुक्यातील बलवडी आणि तांदूळवाडीच्या लोकांनी ऐंशीच्या दशकात मुक्ती संघर्ष चळवळीच्या बळावर येरळेवर बळीराजा स्मृती धरण बांधले. ठेकेदारांच्या बेसुमार उपशाला त्यांनी विरोध केला, आणि थोडी वाळू स्वतः विकून धरणाच्या खर्चाला हातभार लावला. पाणी भूमिहीनांनाही मिळावे, हा त्यांचा आग्रह होता. शासनदरबारी त्यासाठी पुष्कळ झगडावे लागले, हे सांगायला नकोच.

वाहन सोडण्याच्या आदेशापूर्वी संबंधित ग्रामपंचायतीचे म्हणणे नोंदवून घ्यावे आणि वसूल रकमेचा ठरावीक हिस्सा त्याच नदीकाठच्या बंधाऱ्यांसाठी व विहिरींसाठी राखून ठेवावा, एवढी मागणी सातारा-सांगलीच्या लोकप्रतिनिधींनी विधिमंडळात लावून धरावयास हरकत नाही. जातमुचलक्यांची नोंदवही तालुक्याच्या कचेरीत लोकांना पाहण्यास खुली ठेवली, तर दुसऱ्यांदा पकडलेला ट्रॅक्टर पहिल्यांदाच पकडल्यासारखा सुटणार नाही.