गटाची नोंदवही : एक्सेल की कॅल्क?

ताडकळस हे पूर्णा तालुक्यातील महसूल मंडळाचे व बाजार समितीचे गाव. परिसरातील काळ्या जमिनीत सोयाबीन, कापूस, तूर व हळद ही पिके घेतली जातात. अशा गावी शेतकरी गट किंवा उत्पादक कंपनी स्थापन झाली की सभासदांची नावे, गट क्रमांक, क्षेत्र, वाण, उत्पन्न व बँक खाते यांची नोंद ठेवणे ओघानेच येते. कागदी वही संगणकावर नेताना पहिला प्रश्न उपस्थित होतो तो असा की, मायक्रोसॉफ्टचे एक्सेल घ्यावे की लिबरऑफिसचे कॅल्क?

दोहोंचे कार्य मूलतः एकच आहे. ओळी व रकाने यांत माहिती मांडावयाची आणि तिच्या बेरजा, सरासऱ्या काढावयाच्या. संगणकावर बसविण्याच्या एक्सेलसाठी दाम मोजावे लागतात. २०१० साली ओपनऑफिसमधून वेगळे झालेले लिबरऑफिस विनामूल्य मिळते. परंतु केवळ किमतीवरून निवड करणे हे दात न पाहता बैल विकत घेण्यासारखे होय.

गट क्रमांकाचेच उदाहरण घ्यावे. रकान्यात १२/३ असे टंकले की एक्सेल त्यास तारीख समजते व १२ मार्च दाखविते. पुढे चूक ध्यानात येऊन रकाना अक्षरांचा केला तरी १२/३ परत येत नाही. नोंद २०२५ साली केलेली असल्यास तेथे ४५७२८ हा आकडा उमटतो. तो त्या तारखेचा एक्सेलमधील दिवस-क्रमांक असतो. भाषेच्या मांडणीनुसार कॅल्कही असेच करू शकते. सबब दोन्हींत नोंद आरंभण्यापूर्वीच गट क्रमांकाचा व बँक खात्याचा रकाना 'टेक्स्ट' या प्रकारचा करून घ्यावा. खाते क्रमांकाच्या आरंभीचे शून्य गळाले, अथवा १५ हून अधिक अंकी क्रमांकाचे शेवटचे अंक शून्य झाले, तर अनुदानाची रक्कम सभासदाच्या खात्यावर पोहोचणार नाही, आणि दोष मात्र त्या बिचाऱ्याच्या पासबुकात शोधला जाईल.

उत्पन्नाच्या घरात '१२ क्विंटल' असे लिहू नये. एकक रकान्याच्या शीर्षकात लिहावे व घरात केवळ अंक टाकावा. अन्यथा संगणक त्यास अक्षरे समजतो व बेरजेतून निमूटपणे वगळतो. पावसाच्या नोंदीसही हाच नियम. 'सोयाबीन' व 'सोयाबिन' ही संगणकाच्या लेखी दोन निराळी पिके आहेत, यास्तव पिकांची नावे यादीतून निवडण्याची सोय करावी. ती दोन्हींत आहे.

खरा फरक दिसतो तो बाहेरून आलेली माहिती उघडताना. संकेतस्थळांवरून माहिती पुष्कळदा 'सीएसव्ही' या साध्या रूपात मिळते. कॅल्क ती उघडण्यापूर्वी लिपीचा प्रकार व प्रत्येक रकान्याचे स्वरूप विचारते. एक्सेलमध्ये धारिकेवर दोनदा टिचकी मारली की ती सरळ उघडते व शून्ये गळतात. एक्सेलमधून जतन करतानाही 'सीएसव्ही यूटीएफ-८' हा प्रकार न निवडल्यास मराठी नावांच्या जागी प्रश्नचिन्हे येतात. या बाबतीत कॅल्क अधिक सावध आहे, असे म्हणणे भाग आहे.

एक्सेलचा लाभ निराळा. कार्यालयाकडून येणाऱ्या तक्त्यात मॅक्रो, म्हणजे आपोआप चालणाऱ्या आज्ञा असतील, तर त्या कॅल्कमध्ये पूर्णपणे चालतीलच असे नाही. तेथे एक्सेलच वापरावे. नवख्याला शिकविणारा माणूसही एक्सेलसाठी सहज भेटतो, हेही गावात थोडके नव्हे.

मोठ्या संस्थाही यात चुकतात. २०२० साली इंग्लंडमध्ये कोरोनाच्या १५,८४१ बाधितांची नोंद दैनिक आकड्यांतून सुटली. जुन्या 'एक्सएलएस' धारिकेत ६५,५३६ ओळींपुढे जागा नसते, हे त्याचे कारण सांगण्यात आले. ताडकळसच्या गटास इतक्या ओळी लागणार नाहीत, तथापि 'एक्सएलएसएक्स' किंवा 'ओडीएस' हेच रूप वापरावे.

निवडीपूर्वी दहा सभासदांची नोंद एकात करावी, जतन करावी व दुसऱ्यात उघडावी. नावे, गट क्रमांक, शून्ये व बेरीज मूळ कागदी वहीशी ताडून पाहावी. ही वही पहिला हंगाम संपेपर्यंत मोडीत काढू नये.