महजर

महजर हा मध्ययुगीन महाराष्ट्रातील न्यायनिवाड्याचा एक लेखी दस्तऐवज आहे. वतन, इनाम, जमीन, शिव (गावाची हद्द) किंवा मानपान यांविषयीच्या वादाचा निर्णय सभेसमोर झाल्यावर तो सभासदांच्या साक्षीने लिहून यशस्वी पक्षास दिला जाई. बहमनी काळानंतरच्या सल्तनतींत आणि शिवकाळात ही पद्धत विशेष रूढ होती. बहुतेक महजर मोडी लिपीत असून काहींवर फारसी मजकूर व शिक्केही आढळतात.

व्युत्पत्ती

हा शब्द मूळ अरबी असून फारसीमार्गे मराठीत आला. मराठीतील ‘हजर’ आणि ‘हुजूर’ हे शब्दही त्याच धातूपासून आले आहेत. महजराच्या नावातच त्याचे मर्म आहे : तो लोकांच्या हजेरीत झालेला लेख होय. निर्णयाच्या मजकुराबरोबर उपस्थितांची यादीही त्यात असते. तिला ‘हाजीर मजालस’ म्हणत.

पार्श्वभूमी

पाटील, कुलकर्णी, देशमुख, देशपांडे ही पदे वंशपरंपरागत होती. त्यांच्यासोबत जमीन, उत्पन्नातील हक्क आणि समाजातील मान येत असे. भाऊबंदकी, दत्तक, गहाण, विक्री किंवा दुष्काळात गाव सोडून जाणे यांतून वाद उत्पन्न होत व कित्येकदा ते पिढ्यान्‌पिढ्या चालत. रामचंद्रपंत अमात्यांच्या आज्ञापत्रात वतनदारांना एका परीने राज्याचे वाटेकरी मानले असून त्यांच्यावर नियंत्रण ठेवण्याची गरजही सांगितली आहे. त्यामुळे वतनाचा निवाडा ही केवळ खाजगी बाब राहत नसे.

सभेची रचना

निवाडा करणाऱ्या सभेचे सामान्यतः दोन घटक असत. पहिला ‘दिवाण’, म्हणजे राजसत्तेचे अधिकारी. दुसरा ‘गोत’, म्हणजे त्या गावचे व परगण्याचे वतनदार. येथे गोत हा शब्द केवळ नातलगांपुरता मर्यादित नाही. देशमुख, देशपांडे, पाटील, कुलकर्णी, शेटे, महाजन यांच्याबरोबर बलुतेदारही गोतात मोडत. ज्यांना लिहिता येत नसे, ते नावापुढे आपल्या धंद्याची निशाणी करीत. उदाहरणार्थ, पाटील नांगराची, तर न्हावी आरशाची. ज्या वर्गांचा उल्लेख राजकीय बखरींत क्वचितच येतो, त्यांची नावे अशा रीतीने महजरांत टिकून राहिली आहेत.

कार्यपद्धती

वाद सभेपुढे आल्यावर दोन्ही पक्षांकडून निर्णय मान्य करण्याविषयी ‘राजीनामा’ लिहून घेत व जामीन मागत. आजच्या मराठीत राजीनामा म्हणजे पदत्याग; त्या काळी मात्र त्याचा अर्थ संमतिपत्र असा होता. त्यानंतर प्रत्येक पक्ष आपली ‘तकरीर’, म्हणजे कैफियत, सादर करी. वतन कोणी मिळवले व कोणत्या पिढीत वाद उद्‌भवला याची हकीकत ‘करीना’ या लेखात देत.

पुराव्याचा क्रम धर्मशास्त्राशी जुळणारा होता. याज्ञवल्क्यस्मृतीत लेख, भोगवटा आणि साक्षी ही तीन प्रमाणे सांगितली असून त्यांच्या अभावी दिव्याचा मार्ग दिला आहे. रवादिव्यात उकळत्या तेलातुपातून धातूचा तुकडा हाताने काढावा लागे. नंतर हात पिशवीत बांधून त्यावर मोहर करीत; ठरलेल्या दिवशी तो उघडल्यावर इजा न दिसल्यास पक्ष खरा ठरे. एखाद्या पक्षास स्थानिक सभेत पक्षपाताची शंका असल्यास तो अन्य ‘थळ’, म्हणजे निवाड्याचे दुसरे ठिकाण, मागू शकत असे.

निर्णयानंतर हरलेला पक्ष ‘यजितखत’ लिहून देई. त्यात आपला दावा खोटा ठरला असून पुढे तो उकरून काढणार नाही, अशी कबुली असे. जिंकणाऱ्याकडून ‘हरकी’ व हरणाऱ्याकडून ‘गुन्हेगारी’ ही रक्कम सरकारात घेतली जाई.

महत्त्व

आग, लूट किंवा परागंदा होणे यांमुळे जुनी कागदपत्रे नष्ट झाल्याचे उल्लेख वतनाच्या कागदांत वारंवार येतात. कागद गेले तरी गावाची स्मृती उरे आणि महजराने तिला पुन्हा लेखी रूप मिळे. महजराचे बळ राजाच्या शिक्क्याइतकेच साक्षीदारांच्या संख्येत व विविधतेत होते : इतक्या लोकांसमोर ठरलेली गोष्ट पुढे नाकारणे अवघड जाई. असे असले तरी वाद पुन्हा उभे राहत आणि बनावट कागदही पुढे येत. म्हणून अक्षर, शिक्का व कालोल्लेख तपासणे आवश्यक ठरे.

उत्तरकाळ

पेशवाईत दिवाणी वादांत पंचायतीचे महत्त्व मोठे होते. माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टन यांनी १८१९ च्या आपल्या अहवालात तिचे वर्णन केले आहे. इंग्रजी अमलात इनामांची चौकशी सुरू झाली व १८५२ च्या ११ व्या कायद्याने तिला कायदेशीर आधार मिळाला. ज्यांना आपला हक्क सिद्ध करता आला नाही, त्यांच्या जमिनींवर पूर्ण सारा बसला. त्यामुळे जुन्या कागदांना नव्याने निर्णायक मोल आले. कर्नाटक, केरळ व तमिळनाडूत पोलिसांच्या पंचनाम्याला आजही ‘महजर’ म्हणतात.

इतिहासलेखनातील उपयोग

वि. का. राजवाडे यांनी ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’ या मालेत वतनदार घराण्यांकडील अनेक कागद प्रसिद्ध केले. १९१० मध्ये पुण्यात स्थापन झालेल्या भारत इतिहास संशोधक मंडळाने हे कार्य पुढे नेले. वि. त्र्यं. गुणे यांनी मराठ्यांच्या न्यायपद्धतीवरील आपल्या ग्रंथात (१९५३) महजरांचा सविस्तर अभ्यास केला. रोहिडखोऱ्यातील कारीच्या जेधे देशमुखांचा ‘जेधे करीना’ हा शिवकालीन इतिहासाचे एक साधन मानला जातो.

या कागदांचा वापर करताना दोन गोष्टी लक्षात घ्याव्या लागतात. करीना किंवा तकरीर ही पक्षकाराची बाजू असते. सभेने काय मान्य केले हे निर्णयाच्या भागातूनच कळते. तसेच अनेक कागदांवर शुहूर सन असतो. इसवी सन काढण्यासाठी त्यात ५९९ किंवा ६०० मिळवावे लागतात, कारण शुहूर वर्ष मृग नक्षत्रापासून, म्हणजे मे महिन्याच्या अखेरीपासून किंवा जूनच्या आरंभापासून सुरू होते.